लैनकिलेर

आमच्या घरात त्या वस्तीला नाव नव्हतं. सगळे नुसतं 'ठेसन' म्हणायचे. रेल्वेच्या वेळापत्रकात नाव होतं, पण ते तीन कोसांवरच्या एका गावाचं, पुढं 'रोड' जोडलेलं. म्हणजे इथं उतरायचं आणि त्या गावाकडं चालू लागायचं. मधे काळ्या मातीची गाडीवाट, दोन ओढे आणि बाकी सगळा कापूस. स्टेशनाभोवती चाळीसेक घरं होती. रेल्वेचे दगडी क्वार्टर, सरकीच्या वासाचं एक जिनिंग, मालधक्का, भज्यांचं हॉटेल, किराणा दुकान, चौथीपर्यंतची शाळा. औरंगाबादेहून छोट्या लाइनीच्या पॅसेंजरनं दोन तास लागायचे.

आजोबा तिथं सांधेवाले होते. रुळांचे सांधे ओढून गाडीला या नाहीतर त्या लाइनीवर घ्यायचं, हे त्यांचं काम. पोलीस अ‍ॅक्शननंतर दोन-तीन वर्षांत ते रेल्वेत लागले. बाबांचा जन्म तिथल्याच क्वार्टरमधला. आजी लवकर गेली, आणि बाबांना वाढवलं त्यांच्या मोठ्या बहिणीनं, माझ्या आत्यानं. आत्याला सतराव्या वर्षी सासरच्यांनी परत पाठवलं होतं. ती एक पत्र्याची पेटी घेऊन सकाळच्या गाडीनं ठेसनावर उतरली आणि पुन्हा कधी कुठं राहायला गेली नाही. फक्त एकदा दीड महिना आमच्याकडं आली होती, त्याबद्दल पुढं सांगते.

उन्हाळ्यात रेल्वे पाणीवाली ठेवायची. आत्या पाणीवाली होती. फलाटावर कडुलिंबाखाली तिचे तीन रांजण, आणि हातात लांब दांड्याचं ओगराळं. गाडी थांबली की लोक खिडकीतून तांबे, बाटल्या, ओंजळी पुढं करायचे आणि ती डब्यामागून डबा करत जायची. तिला सगळे अक्का म्हणायचे. स्टेशनमास्तरही.

मी औरंगाबादेत, छावणीत वाढले, इंग्रजी शाळेत शिकले. बाबा वाळूजला कंपनीत होते. मला चांगलं इंग्रजी यावं म्हणून आई घरी माझ्याशी तिला येईल तेवढ्या इंग्रजीत बोलायची, त्यामुळे माझं मराठी कच्चंच राहिलं. सुट्टीत ठेसनावर गेले की मी तोंड उघडायला घाबरायचे. पहिल्या खेपेला मी 'स्टेशन' म्हणाले, तर तिथली पोरं दिवसभर माझ्यामागं 'स्टेशन, स्टेशन' करत नाक वर करून चालत होती. आत्याही हसली. म्हणाली, "इंग्रजी शाळंत पाणी तरी मराठीत पेत्यात का गं?" तिनं ते मायेनंच म्हटलं होतं. पण तेव्हापासून एखादा शब्द कळला नाही तर विचारायचा नाही, मान डोलवायची, अशी मला सवय लागली. पुढं सगळीकडेच लागली.

गंमत म्हणजे ठेसनाच्या बोलण्यात इंग्रजी भरपूर होतं. सिग्नलला शिंगल, गार्डाला गारड, ड्रायव्हरला डायवर. मालाचे आणि माणसांचे डबे एकत्र असलेल्या गाडीला मिक्स. वेळ सांगायलाही घड्याळ नसायचं. मिक्स गेली की जेवायचं, पॅसेंजर यायच्या आत धुणं आटपायचं. हे शब्द ऐकले की मी मनातल्या मनात दुरुस्त करायचे. तेवढ्या एका बाबतीत मला तिथल्या लोकांपेक्षा जास्त कळतं असं वाटायचं. ते मी कुणाला कधी दाखवलं नाही, पण वाटायचं.

एकदा आत्यानं मला मास्तरांच्या खोलीत नेलं. भिंतीला लागून एक लोखंडी यंत्र होतं, कपाटाएवढं. घंटी वाजली, मास्तरांनी मूठ फिरवली, आणि आतून एक जड गोळा खाली पडला. तो त्यांनी वेताच्या कड्याला लावलेल्या चामड्याच्या पिशवीत घातला. आजोबा ते कडं खांद्यावर अडकवून इंजिनाकडं गेले. आत्या म्हणाली, पुढचं ठेसन हो म्हटल्याशिवाय गाडी हलत नसते, डायवरनं कितीही शिट्ट्या मारू देत. पुढचा हो म्हणतो त्याला लैनकिलेर म्हणतात. मी मनात दुरुस्त केलं. लाइन क्लिअर.

मी दुसरीत असताना मोठी लाइन झाली. ती मधलं वळण टाळून टेकडीच्या पलीकडून गेली. ठेसन अलीकडं राहिलं. आजोबा तोवर गेले होते; शेवटच्या गाडीला बाबा मला घेऊन गेले होते. मला आठवतंय ते एवढंच, की इंजिनाला झेंडूच्या माळा होत्या आणि आत्या नेहमीसारखी पाणी देत होती. कुणी फारसं रडलं नाही. नव्या लाइनीवर आपल्याला काहीतरी थांबा मिळेल असं सगळ्यांना वाटत होतं. तो मिळाला नाही.

आधी रूळ गेले, मग खालच्या फळ्या. मग भज्यांच्या हॉटेलवाल्यानं पत्रे काढून नेले. रेल्वेनं विहिरीवरचा पंप नेला तेव्हा बायकांनी दोर टाकून पाणी शेंदायला सुरुवात केली, पण तोपर्यंत निम्मी घरं रिकामी होती. कुणी नव्या स्टेशनकडं गेलं, कुणी वाळूजला, कुणी चितेगावच्या कंपन्यांत. जिनिंग बंद झालं. शाळेत चार मुलं उरली, मग शाळाही उठली. क्वार्टरांची सागवानी दारं कुणी नेली ते कळलंही नाही. एका खेपेला होती, पुढच्या खेपेला नव्हती. चौथ्या वर्षी तिथं राहणारं माणूस एकच होतं, आत्या. दिवसा एक म्हातारा शेळ्या घेऊन यायचा, पूर्वीचा गँगमन, तीन कोसांवरच्या गावचा. दिवस मावळला की तो परत जायचा.

आत्या तरीही 'मिक्सच्या वेळेला' जेवायची. टेकडीपलीकडून कधी वाऱ्याबरोबर मोठ्या गाडीची शिट्टी यायची. ती तिच्या हिशेबात नव्हती.

मी नववीत असताना बाबांनी तिला आमच्याकडं आणलं. आमचं घर दोन खोल्यांचं. आत्याची गादी माझ्या खोलीत घातली. ती पहाटे उठायची, खोकायची, आणि मी अभ्यासाला बसले की शेजारी येऊन वहीकडं बघत बसायची. ती काही बोलत नसे. पण मला कुणी बघत असलं की लिहिता येत नाही. मी तक्रार केली नाही. एके दिवशी शाळेतून आल्यावर माझं टेबल ओढत स्वयंपाकघरात नेलं आणि ओट्याला पाठ करून बसले. आईनं विचारलं तर इथं उजेड जास्त आहे म्हटलं. आत्यानं टेबलाची रिकामी जागा पाहिली. आठ दिवसांनी ती म्हणाली, रांजण भरायचे राहिलेत, जाते. बाबांना कारण कळलं नाही. मला कळलं होतं.

दोन वर्षांनी बाबा कुणाला न विचारता टेम्पो घेऊन ठेसनावर गेले. तिची पेटी उचलून टेम्पोत ठेवली. तिनं ती उतरवली. त्यांनी परत चढवली. असं बराच वेळ चाललं, असं त्या म्हाताऱ्यानं नंतर मला सांगितलं. त्याला ते सांगताना हसू येत होतं. शेवटी बाबा तिला म्हणाले, मर इथं एकटी. त्यानंतर बाबा दर महिन्याला सामान आणि गोळ्या पोचवत राहिले, पण दोघं एकमेकांशी कामापुरतंच बोलायचे. घरी चलण्याचा विषय बाबांना काढता येत नसे. तो निघाला की ती उठून विहिरीकडं जायची.

मी बारावी होऊन कॉलेजात गेले त्या वर्षी आत्याचे पाय सुजायला लागले. चार पावलांवर दम लागायचा. घाटी दवाखान्यातल्या डॉक्टरांनी बाबांना स्पष्ट सांगितलं होतं की या बाईला एकटं ठेवू नका. बाबांनी मला विचारलं. विचारलं म्हणजे, स्वयंपाकघराच्या दारात उभं राहून म्हणाले, "तुझं ऐकेल ती. तू विचारून बघ." आईनं मला बजावलं, येतेस का असं विचारू नको, कधी येतेस असं विचार.

भाद्रपदात आम्ही मोटरसायकलवर गेलो. पाऊस उघडला होता, पण काळ्या मातीत चाक फिरेना. चिखल मडगार्डमध्ये भरून गाडी जागच्या जागी थांबली. बाबा जुन्या फाटकापाशी थांबले. मी रुळांच्या जागेवरून चालत गेले. तिथं अजून खडी होती, त्यामुळे पाय रुतत नव्हते. अर्धा तास लागला. दोन्ही बाजूंनी वेडी बाभूळ एवढी वाढली होती की मला पाठीवरची पिशवी पोटाशी धरून चालावं लागलं. मी वाटेत एक वाक्य पाठ करत होते: आत्या, टेबल मी परत खोलीत नेलंय, तू ये. टेबल खरंच परत नेलं होतं. ती गेली त्या दिवशीच.

ती कडुलिंबाखाली बाजेवर बसली होती. स्टेशनचं छप्पर एका बाजूनं खाली आलं होतं. तीनपैकी एकच रांजण उरला होता, आणि तो भरलेला होता.

"आलीस व्हय," ती म्हणाली. "आन् तो?"

"बाबा फाटकाशी आहेत. गाडी रुतते."

"रुतू दे. जरा बसू दे त्याला चिखलात."

तिनं मला रांजणातलं पाणी दिलं. उठताना तिला दम लागला, तरी मला उठू दिलं नाही. कॉलेजात काय शिकवतात ते विचारलं. मी दोन शब्दांत सांगितलं. टेबलाचं वाक्य माझ्या ओठांपर्यंत आलं आणि तिथंच राहिलं. मी आईनं शिकवलेलं वाक्य बोलले.

"बाबांनी विचारलंय, तू कधी येतेस?"

"कधी?" ती हसली. तिनं रूळ होते तिकडं पाहिलं. मग माझ्याकडं नीट बघत म्हणाली, "लैनकिलेर मिळाली की निघते. सांग तुह्या बापाला. असंच सांग बरं."

मला किती बरं वाटलं ते सांगता येणार नाही. त्या वस्तीतल्या सगळ्या बोलण्यात मला विचारायची गरज नसलेला हा एक शब्द होता. तो इंग्रजी होता. लहानपणी तिनंच मला त्याचा अर्थ सांगितला होता. मी हसले आणि मान डोलावली.

ती माझ्याकडं आणखी थोडा वेळ बघत राहिली. मग म्हणाली, "गाठोडं बांधून ठिवलंय. आतल्या फळीवर हाय. त्याला सापडंल."

मी आत जाऊन पाहून आले. गाठोडं होतं, स्वच्छ धुतलेल्या पंच्यात घट्ट बांधलेलं. मी निघताना तिनं माझ्या डोक्यावरून हात फिरवून बोटं मोडली.

फाटकाकडं परत चालताना मी बाबांना कसं सांगायचं ते ठरवत होते. 'लैनकिलेर' असं तिच्यासारखं म्हटलं तर तिची नक्कल केल्यासारखं होईल. 'लाइन क्लिअर' म्हटलं तर इंग्रजी मिरवल्यासारखं. बाबांसमोर मला चांगलं मराठी बोलायचं होतं. त्यांनी मला एक काम दिलं होतं आणि ते झालं होतं. मी म्हणाले, "रस्ता मोकळा झाला की निघते म्हणाली. गाठोडंही बांधून ठेवलंय."

बाबांनी चिखलानं माखलेल्या चाकाकडं पाहिलं, मग वाटेकडं. "असं म्हणाली?"

"हो."

ते हसायला लागले. काटकीनं मडगार्डातला चिखल काढता काढता हसत होते. म्हणाले, "बघ. मी सात वर्षं डोकं फोडतोय, आणि तुझं एका वाक्यात ऐकलं." परतीच्या वाटेवर त्यांनी गाडी थांबवून पेरू घेतले. मला आठवतंय, त्यांनी मला त्या दिवशी पहिल्यांदा मोठ्या माणसासारखं वागवलं. वाट दसऱ्यापर्यंत वाळेल असं ते म्हणाले. तिला चालवत किंवा कुणाच्या पाठीवर आणायचं नाही, जीप दारापर्यंत नेऊन मानानं आणायचं. "टेम्पोसारखी घाई नको. या वेळी तिच्या म्हणण्यानं होऊ दे."

घरात तयारी सुरू झाली. आईनं खिडकीखाली पलंग लावला. आत्याला खाली बसता येणार नाही म्हणून बाबांनी सुताराकडून संडासात ठेवायची लाकडी बैठक करून घेतली. ती आणली तेव्हा आम्ही तिघंही एकेकदा तिच्यावर बसून बघितलं, हलते का. मी माझं टेबल स्वतःहून भिंतीला सरकवलं, म्हणजे तिला माझ्या शेजारी बसायला जागा राहील. ती वहीत बघत बसली तरी लिहायचं, असं मी ठरवलं होतं.

पाऊस मागं हटेना. गणपती झाले, नवरात्र बसलं, तरी दर दोन-तीन दिवसांनी सर यायची आणि वाट पुन्हा ओली व्हायची. बाबा रोज सकाळी शिफ्टच्या बसला जाताना आभाळाकडं बघायचे. औषधं बसच्या कंडक्टरमार्फत त्या म्हाताऱ्याच्या हाती पोचवली जात होती. दसऱ्यानंतर ऊन पडलं. एका सहकाऱ्याची जीप रविवारसाठी ठरली. गुरुवारी सकाळी त्या गावच्या टेलिफोन बूथवरून म्हाताऱ्याचा फोन आला. मी उचलला. तो म्हणाला, भाऊला द्या, म्हणजे बाबांना.

जीप तीच आली, तीन दिवस आधी. वाट अगदी कोरडी होती. आम्ही थेट फलाटापर्यंत गेलो.

पुरुष तिला जुन्या लाइनीच्या भरावापलीकडं घेऊन गेले. आई आणि मी फलाटावर बसलो. म्हातारा गुडघ्यांमुळे लवकर परतला आणि रांजणातलं पाणी पिऊन माझ्यापासून थोड्या अंतरावर टेकला. आई आत आवरायला गेली होती. तो शेळ्यांकडं बघत बोलायला लागला.

म्हणाला, "ताई, तुमी आल्ता त्या सांजच्याला अक्का लई निवांत हुती. म्हणली, पोरीला सांगितलं, लैनकिलेर मिळाली की निघते. मला वाटलं रडंल. तर पोरगी हसली, मान डोलावली. म्हणली, शिकल्याली हाय, समजदार हाय."

मी त्याच्याकडं वळून बसले.

"म्या म्हणलं, अक्का, आता भाऊ बघ कसा पळत येतो. हे ऐकल्यावर त्यो फाटकात थांबायचा नाय, चिखल असू दे का पाणी. मंग ती दोन दिस हितंच बसून हुती, फाटकाकडं तोंड करून. म्या शेळ्या घिऊन आलो की इचारायची, वाटंनं कुणी दिसलं का."

मी त्याला विचारलं. आयुष्यात पहिल्यांदा मी कुणाला एखाद्या शब्दाचा अर्थ विचारला. "काका, लैनकिलेर म्हणजे काय?"

त्यानं माझ्याकडं पाहिलं. त्याला वाटलं मी थट्टा करतेय, मग कळलं की नाही. तो हळूहळू सांगत गेला. ठेसनावर माणूस मेलं असं कुणी म्हणायचं नाही. पुढच्या ठेसनानं लैनकिलेर दिली म्हणायचं. म्हातारं माणूस खितपत पडलं की म्हणायचे, लैनकिलेर मिळंना त्याला. तुमचे आजोबा गेले तेव्हा मास्तरांनी स्वतः येऊन असंच म्हटलं होतं. ठेसनावरचं शेंबडं पोरही हे जाणायचं. तुमच्या बाबांना काय, ते तर इथंच वाढलेले. "तुमी काय सांगितलं भाऊला?" त्यानं विचारलं.

मी सांगितलं. तो उठून शेळ्यांमागं गेला.

गाठोडं बाबांनी सोडलं. आत एक कोरं लुगडं, गंगाजळाचा सीलबंद गडू, चंदनाचा तुकडा आणि आजोबांची रेल्वेची पितळी बिल्ला लावलेली टोपी होती. मला वाटलं आता बाबांना कळेल. ते कितीतरी वेळ ती टोपी हातात घेऊन बसले. मग आईला म्हणाले, "बघ, सगळं बरोबर घेऊन येणार होती. आपल्याकडंच मरायचं ठरवलं होतं तिनं."

निघताना ते म्हाताऱ्याचे हात धरून म्हणाले, "यायला तयार झाली होती ना अक्का?"

म्हाताऱ्यानं एकदा माझ्याकडं पाहिलं. "व्हय भाऊ," तो म्हणाला. "निघालीच हुती."

पुढची अकरा वर्षं बाबा हेच सांगत राहिले. कुणी नातेवाईक आला, आत्याचा विषय निघाला, की म्हणायचे, आमचं भांडण मिटलं होतं, ती यायला निघाली होती, तीनच दिवस कमी पडले. सांगताना माझ्याकडं बोट दाखवायचे, हिच्याशी बोलली होती. मी हो म्हणायचे. ती लाकडी बैठक कितीतरी वर्षं माळ्यावर होती. खरं सांगावं असं मला पुष्कळदा वाटलं. पण खरं काय होतं? तिनं त्यांना बोलावलं होतं, आणि ते पेरू घेऊन घरी गेले होते. हे त्यांना सांगून मी काय देणार होते? त्यांच्याकडं होतं तेवढंही काढून घेतलं असतं. असं मी स्वतःला समजावायचे. नुसत्या भित्रेपणालाही हे कारण पुरतं, हेही मला माहीत आहे.

मधे मी एकदा एकटी तिकडं गेले. भरावाची खडी कुणी ट्रॅक्टर लावून नेली आहे, त्यामुळे लाइन कुठून जात होती ते आता सांगता येत नाही. फलाटाचे दगडही गेले. विहिरीत बाभूळ उगवली आहे. कडुलिंब शोधायला मला बराच वेळ लागला, आणि सापडला तो तोच होता का, याची मला खात्री नाही. म्हातारा त्याआधीच गेला होता. विचारायला कुणी नव्हतं.

बाबांच्या शेवटच्या आठवड्यात मी दुपारी दवाखान्यात डबा घेऊन जायचे. ते फारसं बोलत नसत. त्या दिवशी जेवण झाल्यावर म्हणाले, "अक्का त्या दिवशी नेमकं काय म्हणाली होती? तिचे शब्द सांग. जसेच्या तसे."

खोलीत आम्ही दोघंच होतो. मला तो शब्द येत होता. तिचा आवाजही आठवत होता, आणि तिनं 'असंच सांग बरं' म्हटलेलंही.

"रस्ता मोकळा झाला की निघते, असं म्हणाली," मी म्हणाले.

बाबा छताकडं बघत राहिले. मग म्हणाले, "अक्का रस्ता म्हणायची नाही गं कधी. वाट म्हणायची."

"वाटच म्हणाली असेल, बाबा. मला आता नीट आठवत नाही."

त्यांनी मान हलवली आणि डोळे मिटले. भेटीची वेळ संपली होती. मी त्यांची पाण्याची बाटली भरून हाताशी ठेवली आणि बाहेर आले.